ढिगावरचा हात

मूर्तिजापूरच्या भाजीबाजारात सकाळी हर्रास सुरू झाला की शफीकभाईंचा आवाज रेल्वे फाटकापर्यंत जातो, असं लोक म्हणतात. लोक वाढवून सांगतात हे खरं. पण फाटकाजवळच्या चहावाल्याला सांबार, म्हणजे कोथिंबीर, आज महागला की स्वस्त झाला हे जागेवरून न हलता कळतं, हेही तितकंच खरं. हर्रास म्हणजे लिलाव. शेतकरी पहाटे माल आणून अडतीवर ओततो, शफीकभाई त्या ढिगापुढे उभे राहून बोली पुकारतात आणि किरकोळ विकणारी बाया-माणसं ती चढवत नेतात. त्यांचे वडीलही हेच करायचे. घराण्यात ना शेत, ना दुकान. वारशानं आला तो गळा तेवढा.

बाजाराचा भरवसा मात्र गळ्यावर नव्हता, हातावर होता. बोली पुकारताना शफीकभाई उजवा हात ढिगावर ठेवत. हात ठेवून जे बोललास ते तुझं, ही वडिलांची शिकवण. हात ठेवून ‘ताजी’ म्हटलं तर भाजी ताजीच निघाली पाहिजे, आणि नाही निघाली तर हुज्जत न घालता माल परत घ्यायचा. हात उचलून मग ते काहीही बडबडत, शेतकऱ्याची टर उडवत, कोणाच्या लग्नातल्या जेवणाला नावं ठेवत. ते बोलणं कोणी धरून ठेवत नसे. एकदा वांग्यांच्या ढिगावर हात ठेवून ते ‘बिनकिडीची’ म्हणून बसले आणि वांगी किडकी निघाली. सगळी वांगी घरी आली. त्या आठवड्यात आपल्या घरी वांग्याच्या भाजीसोबत तोंडी लावायला वांग्याचं भरीत होतं, असं त्यांची मुलगी फलक अजून सांगते आणि बाप खाली मान घालून हसतो.

या हाताच्या भरवशावर सगळ्यात बिनघोर असायची ती माळीपुऱ्यातली मनकर्णाबाई. जुनी भाजीवाली, दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू. ढिगाकडे पाठ करून ती आपली मेथीच्या जुड्या बांधत बसायची आणि भाव पटला की मान न वळवता ‘दे’ म्हणायची. तिला कोणी म्हटलं, की मावशे, माल पाह्य तरी, तर म्हणे, “त्यानं पाह्यला ना? मंग मी काहून पाहू?”

असा सगळा सुखाचा कारभार चाललेला असताना नगर परिषदेची निवडणूक लागली.

प्रभागाची अर्धी मतं माळीपुऱ्यात, अर्धी मोमीनपुऱ्यात, आणि मधोमध बाजार. जागा महिलांसाठी राखीव निघाली आणि प्रभागातल्या पुरुषांच्या अंगात निवडणूक संचारली. माळीपुऱ्यातून गीतांजली उभी राहिली, म्हणजे तिचा नवरा कुंदन उभा राहिला. कुंदन रस्ते-नाल्यांची ठेकेदारी करायचा. बॅनरवर बायकोचा फोटो पासपोर्टएवढा आणि त्याचा हात जोडलेला फोटो दाराएवढा. निशाणी कपबशी. मोमीनपुऱ्यातून महेजबीन. ही शफीकभाईंच्या दारासमोरच्या घरची सून. घरी शिलाईचा क्लास चालवायची, म्हणून निशाणीही तिनं हट्टानं शिलाई मशीनच मागून घेतली. ती स्वतः बोलायची, स्वतः फिरायची; तिची मोहीम मात्र तिचा दीर अफनान चालवायचा आणि डावपेचांत तो कुंदनला काही कमी नव्हता.

अफनाननं पहिल्याच दिवशी गावातले झाडून सगळे ऑटो प्रचारासाठी बांधून घेतले. कुंदनची माणसं दुसऱ्या गावाहून ऑटो आणेस्तोवर दोन दिवस पायी फिरली. कुंदननं मग बाजारात येईल तेवढा झेंडू उचलला. महेजबीनच्या सभेला हार मिळेना, तेव्हा अफनाननं मेथी-पालकाच्या जुड्या सुतळीत ओवून हार केला आणि तो तिच्या गळ्यात घातल्याचा फोटो घरोघरी मोबाईलवर पोचवला. माळीपुऱ्यातल्या बायांना तो फोटो फार आवडला. आपला माल कोणी गळ्यात घालतो हे त्यांनी कधी पाहिलं नव्हतं. दुसऱ्या दिवशी कुंदन स्वतःच फुलकोबीचा हार घालून फिरला. त्यातला एक गड्डा चौकात सुटून पडला, तो गाईनं खाल्ला, आणि त्याचाही फोटो घरोघरी पोचला.

इतपत सगळं गमतीचं होतं. लोकांना वर्षानुवर्षं असंच वाटत आलं आहे, की निवडणूक म्हणजे फुकटची जत्रा.

शफीकभाईंकडे आधी कुंदन आला. “भाई, तुमच्या आवाजाशिवाय या गावात काही विकत नाई. ऑटोत बसा, भोंग्यावर बोला, रोजी घ्या.” शफीकभाईंना आनंद झाला, नाही कसा होणार? भेंडी-दोडक्यापलीकडे त्यांच्या गळ्याला कोणी बोलावलं नव्हतं. त्यांनी होकार दिला. संध्याकाळी अफनान दारात. “चाचा, मोहल्ल्याचा आवाज मोहल्ल्याच्याच खिलाफ जाईन का?” यालाही नाही म्हणवेना. समोरचं घर, रोजचं तोंड पाहणं. शेवटी त्यांनी तोड काढली: सकाळी कपबशी, दुपारी शिलाई मशीन. दोघांनीही नाक मुरडत मान्य केलं, कारण दुसऱ्याला पूर्ण मिळण्यापेक्षा आपल्याला अर्धा मिळालेला बरा.

सकाळी माळीपुऱ्यातून ऑटो जायचा, “आयाबहिणीहो, गीतांजलीताई म्हणजे तुमच्या घरची लेक! दारातून हाक मारा, धावत येईल!” दुपारी त्याच गल्लीतून दुसरा ऑटो, “आयाबहिणीहो, महेजबीनताई म्हणजे तुमच्या घरची लेक! दारातून हाक मारा, धावत येईल!” मजकूर तोच, फक्त नाव बदललेलं. शफीकभाईंना त्यात काही वावगं वाटलं नाही. ढीग बदलतो, बोली तीच असते. लोकही हसायचे. “काहो शफीकभाई, सकायची कपबशी दुपारी फुटली का?” तेही हसून हात हलवायचे.

हसली नाही ती फलक. ती अमरावतीला कॉलेजात शिकायची, मतदानासाठी सुट्टी काढून घरी आली होती. त्यांच्या घरात हिंदी आणि वऱ्हाडी एकाच ताटात वाढलेली असायची. जेवताना ती म्हणाली, “अब्बा, गीतांजली भी घरची लेक, महेजबीन बाजी भी घरची लेक. मंग मी कोन आहो?”

“तू घरची वकील आहे,” शफीकभाई म्हणाले. “अगं, ते भोंग्याचं बोलनं हाय. हर्रासात मी हात ठेवून बोलतो. इथं हात कुठी ठेवला मी? हात ठेवल्याबिगर बोललं त्याचा काय हिशोब?”

“तुमाले माहीत हाय हात नाई ठेवला. भोंग्यात हात दिसते का लोकायले?”

“लोकायले सगळं समजते,” म्हणून त्यांनी भाकरी मोडली. आपल्या सोयीचं असलं की लोकांना सगळं समजतं, यावर माणसाचा चटकन विश्वास बसतो.

आठवडाभरात गळा बसला. सकाळी हर्रास, मग दोन-दोन ऑटो. लोखंडाचा असता तरी बसला असता. तेव्हा कुंदननं तोडगा काढला. बसस्टँडसमोर शुभमचं साऊंडचं दुकान होतं. मागच्या खोलीत माईक लावून शुभमनं शफीकभाईंकडून सगळी वाक्यं बोलून घेतली. कपबशीची घेतली, मशीनची घेतली, वर ‘अजून थोडं बोला काका, काहीबी बोला’ म्हणत भाज्यांची नावं, गावांची नावं, सणांची नावं असंही बरंच घेतलं. “आता तुमी घरी बसा,” शुभम म्हणाला, “तुमचा आवाज फिरते.”

आणि खरंच फिरला. शफीकभाई ओट्यावर चहा घेऊन बसायचे आणि त्यांचा आवाज गल्लीतून जायचा. आपणच आपल्या दारावरून जातो आहोत याची त्यांना मोठी मौज वाटायची. येणाऱ्या-जाणाऱ्याला ते डोळा मारून म्हणायचे, “पाह्य, मी चाललो.”

प्रचाराचा शेवटचा दिवस उजाडला. त्याच रात्री भोंगे बंद होणार होते आणि दुसऱ्या दिवशी मतदान. दिवस कलला तसे शफीकभाई ओट्यावर बसले होते, फलक आत चहा गाळत होती. वळणावरून ऑटो आला आणि आवाज सुरू झाला. त्यांचाच. ते सवयीनं हसले. मग शब्द कानात शिरले.

“एक जरूरी ऐलान सुनिये. मैं शफीक बोल रहा हूं. महेजबीन बाजी ने गीतांजली ताई को अपना समर्थन दिया है. शिलाई मशीन का बटन दबाके अपना वोट जाया मत कीजिये. कपबशी को कामयाब कीजिये.”

हातातला पेला तसाच राहिला. आवाज त्यांचा होता, ‘कीजिये’वरचा हेलही त्यांचाच, ‘जरूरी’च्या आधी किंचित खाकरायची त्यांची खोडसुद्धा होती. क्षणभर तर, खरं सांगायचं म्हणजे, त्यांना स्वतःलाच शंका आली, की आपण कधी बोललो का हे? ऑटो पुढे गेला, पुढच्या गल्लीत तेच मराठीत सुरू झालं.

“फलक!” ते ओरडले. “फलक, हे मी नाई बोललो!”

फलक दारात आली होती. तिनं ऐकलं होतं. “मशीननं बनवलं अब्बा,” ती म्हणाली. “तुमचा आवाज देल्ला का मशीन तुमच्या आवाजात काहीबी बोलते. म्हणून तं ते ‘काहीबी बोला’ म्हनून राहिले होते.”

समोर महेजबीनच्या दारात तोवर गर्दी जमली होती. “बाजी, बैठ गयी क्या?” कोणी विचारत होतं. उमेदवार बसला म्हणजे माघार घेतली. बिचारी महेजबीन उभीच होती, तिच्या हातात वाटायची पत्रकं होती. शफीकभाई रस्ता ओलांडून आले तशी ती त्यांच्याकडे पाहून म्हणाली, “चाचा, तुमी?”

एवढंच. शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं, असं शफीकभाईंना वाटलं.

“खुदाकसम बेटी, मी नाई,” ते म्हणाले. फलकनं मशीनचं पुन्हा समजावून सांगितलं. महेजबीननं ऐकून घेतलं आणि तक्रारीचा कागद घेऊन एका बाईला निवडणूक कचेरीकडे पिटाळलं. चौकशी होईल, पण चौकशीला दिवस लागतात आणि मतदान सकाळी होतं. अफनानच्या डोळ्यांत मात्र वेगळीच चमक आली होती.

“भाभी, घबराओ मत. आपून भी बनाते. शुभमले दुप्पट देतो. चाचाच्याच आवाजात ‘गीतांजली बसली’ म्हनून टाकतो. चाचा, तुमाले काही करा लागत नाई, तुमी घरी बसा.”

“घरी बसूनच तं हे झालं,” शफीकभाई म्हणाले.

महेजबीननं हातातल्या पत्रकांकडे पाहिलं. तिला निवडून यायचं होतं. बाजारात बायांसाठी ओट्यांवर पत्रे टाकायचे, नळ घ्यायचा, हे तिनं घरोघरी सांगितलेलं होतं आणि ते तिला खरंच करायचं होतं. अफनानचा डाव चालला असता हेही तिला कळत होतं. अखेर ती म्हणाली, “नाई. चाचा जिंदे आहेत ना? मंग तेच बोलतील. जे खरं ते.”

शफीकभाई ऑटोत चढले, माईक हातात घेतला. गळा बसलेला, तरी त्यांनी जीव तोडून सुरुवात केली, “मी शफीक बोलून राहिलो! खरा शफीक! मघाचा आवाज माहा नव्हता! महेजबीन बसली नाई!” गल्ली-गल्लीतून लोक बाहेर आले. काहींनी मान हलवली. बरेच हसले. आठवडाभर ज्याला ऐकून ते हसत आले होते, त्याला ऐकून आजच का हसू नये?

बाजारचौकात दोन्ही ऑटो समोरासमोर आले. इकडून शफीकभाई म्हणत होते महेजबीन बसली नाही, तिकडून शफीकभाई म्हणत होते महेजबीन बसली. चौकातल्या सगळ्यांनी मोबाईल काढले. इकडचा शफीक खोकत होता, श्वास घेत होता, शब्द चुकत होता. तिकडचा ताज्या गळ्यानं, न थकता, न चुकता बोलत होता. खरं सांगायचं तर तिकडचाच जास्त शफीकभाईंसारखा वाटत होता. “अरे, बंद कर रे मनोज!” शफीकभाईंनी समोरच्या ऑटोवाल्याला हात जोडले. मनोज दुसऱ्या गावचा असला तरी ओळखीचा होता, रोज तिकडून हर्रासाचा माल आणायचा. त्यानं भोंगा बंद केला आणि खजील होऊन म्हणाला, “मले काय मालूम चाचा? पेन ड्राइव्ह देल्ला, लावला. मले वाटलं तुमीच बोलले असान.”

तिथून ते तडक कुंदनच्या प्रचार कचेरीत गेले. मांडवात कुंदन पुऱ्या-भाजीच्या पंगतीकडे लक्ष देत खुर्चीवर बसला होता. गीतांजली आतल्या बाजूला बायांना वाढत होती. तिला या भानगडीतलं काही ठाऊक होतं की नाही, कोण जाणे. शफीकभाईंनी जाब विचारला. कुंदन रागावला नाही, उलट त्यानं खुर्ची पुढे सरकवली.

“बसा भाई. आवाज तुमीच देल्ला ना? रोजी घेतली ना?”

“त्या शब्दायची घेतली. याची नाई.”

“भाई, किरायाची सायकल घेतली का मानूस कुठी कुठी फिरला, ते दुकानदार विचारते का?” कुंदन म्हणाला. “आन तुमी तं सायकल दोघायले देल्ली होती. मी थोडी दूर नेली, इतकंच.”

मांडवातली माणसं हसली. हा माणूस लबाड आहे हे शफीकभाईंना दिसत होतं, आणि त्याच्या बोलण्यातली एक गोष्ट खोटी नाही हेही दिसत होतं. लबाडाच्या तोंडून खरं ऐकावं लागण्यासारखी दुसरी नामुष्की नाही.

ऑटो त्यांनी परत पाठवला. आता भोंग्यावरून बोलण्यात अर्थ उरला नव्हता. ते पायी माळीपुऱ्यात शिरले आणि दारोदार जाऊन सांगू लागले. लोकांनी बसायला दिलं, पाणी दिलं. ‘बरं बरं, समजलं’ म्हटलं. वऱ्हाडात दारी आलेल्या माणसाला कोणी तोंडावर खोटं म्हणत नाही. पण त्या ‘बरं बरं’मध्ये शफीकभाईंना आपली बोली कुठेच टेकलेली दिसेना. हर्रासात असं कधी झालं नव्हतं.

मनकर्णाबाई अंगणात दिव्याखाली दुसऱ्या दिवशीच्या जुड्या बांधत बसली होती. पावलं ऐकून म्हणाली, “कोन? शफीकभाऊ का?”

“मी मावशी.” ते तिच्यासमोर जमिनीवर बसले. “तो ऐलान ऐकला का तुमी?”

“ऐकला ना. मी तं त्या शिलाईवालीलेच देनार होती. माह्या मेथीचा हार घातला होता तिनं. आता बसली मनते.”

“नाई बसली मावशी. ते खोटं हाय. तो आवाज माहा नाई, मशीनीनं बनवला.” त्यांनी सगळं सांगितलं, शुभमचं, कुंदनचं, पेन ड्राइव्हचं. मनकर्णाबाई ऐकत होती आणि तिची बोटं सुतळीला गाठी मारत होती.

“शफीकभाऊ,” ती म्हणाली, “सकाऊन कोन बोलून राहिलं होतं रोज? गीतांजली घरची लेक?”

“मी.”

“आन दुपारी? महेजबीन घरची लेक?”

“मीच.”

“ते दोन्ही तूच होता. मंग तिसराबी तूच नसशीन काहून?”

शफीकभाई समोरची सुटी सुतळी उगाच बोटांवर गुंडाळू लागले.

“मले मशीन-बिशीन समजत नाई बाबू,” ती पुढे म्हणाली. तिच्या आवाजात राग नव्हता, म्हणून ते आणखी लागलं. “मले दिसत नाई. मी तुह्या आवाजानं माल घेते. आता मले कसं समजावं, का कोन्या टायमाले तुहा हात ढिगावर हाय आन कोन्या टायमाले नाई? तू सांगतलं नाई कधी. तू खरा असशीन, मी नाई मनत नाई. पन आता मत मी तुह्या आवाजावर नाई देनार. जाईन, आन देवाच्या मनात येईन ते बटन दाबीन.”

तिच्या सुनेनं चहा आणला. शफीकभाईंनी तो प्यायला, कारण नाही पिणं बरं दिसलं नसतं. घरी येईपर्यंत भोंगे बंद झाले होते आणि गाव एकदम मोठं झाल्यासारखं वाटत होतं. फलक दारात वाट पाहत होती. ‘भोंग्यात हात दिसते का’ हे तिनं पुन्हा म्हटलं नाही, आणि त्यांनीही तिच्याकडे पाहिलं नाही. त्यांना लाज वाटत होती. साधी, उघडी लाज, पोरीसमोरची.

निकाल लागला. गीतांजली थोडक्या मतांनी निवडून आली. त्या ऐलानानं किती मतं फिरवली हे कोणी सांगू शकलं नाही. कोणी म्हणालं, तशीही तीच येणार होती; कोणी म्हणालं, ऐलान नसतं तर महेजबीनच होती. चौकशीचा कागद इकडून तिकडे गेला. कुंदननं गुलाल उधळला आणि मिरवणुकीत झेंडूला काही तोटा नव्हता. महेजबीन दुसऱ्या दिवसापासून क्लासला बसली. शफीकभाई तिच्या दारात जाऊन उभे राहिले तेव्हा मशीन थांबवून ती म्हणाली, “तुमचा कसूर नाई चाचा.” ती मनापासून म्हणाली असेल. पण मशीन पुन्हा सुरू करताना तिनं खाली पाहिलं, आणि शफीकभाईंना वाटलं की कसूर असता तरी हिनं हेच म्हटलं असतं. मोठ्यांशी असंच बोलायला ती शिकली होती.

मतदान-निकालापायी हर्रास बंद होता, तो मग सुरू झाला. थंडी पडली होती. माल दणकून आला होता. मेथी, सांबार, तुरीच्या शेंगा. अडतीवर मेथीचा मोठा हिरवा ढीग ओतला गेला, त्यावर दहिवर तसंच होतं. शफीकभाईंनी तो आधी चाळून पाहिला, खालपर्यंत बोटं घालून पाहिला. मग हात ठेवला आणि बोलायला सुरुवात केली, “ताजी, आजची तोड...”

एरवी हे शब्द पुरे व्हायच्या आत चारी बाजूंनी बोली यायची. कोणी तराजू पुसत असायचं, कोणी तंबाखू मळत असायचं, आणि न पाहताच आकडे फेकायचं. आज कोणी आकडा फेकला नाही. सगळ्यांनी हातातलं काम थांबवून माना वळवल्या होत्या आणि सगळे त्यांच्या हाताकडे पाहत होते. वाईट कोणाच्या मनात नव्हतं. फक्त पाहत होते, की आहे का.

वडिलांच्या वेळेपासून या बाजारात हे कोणाला पाहावं लागलं नव्हतं.

तेवढ्यात मागच्या रांगेतून मनकर्णाबाई उठली. तिनं बांधत असलेली जुडी खाली ठेवली, पोत्यांच्या कडेचा आधार घेत घेत पुढे आली आणि ढिगाशी वाकली. ओल्या मेथीवरून तिचा हात चाचपडत सरकला. शफीकभाईंचा हात लागला तेव्हा थांबला. तिनं त्यांची बोटं एकेक करून चाचपली, लहान लेकराची चाचपतात तशी.

“हाय का?” तिनं विचारलं.

“हाय मावशी.”

“तुहाच ना?”

“माहाच.”

“मंग बोल आता.”

ते बोलले. त्या दिवशी त्यांचा आवाज फाटकापर्यंत गेला नाही. ढिगाभोवती उभ्या असलेल्या माणसांना ऐकू आला, तेवढाच. कडेनं एक आकडा आला, मग दुसरा, बोली चढत गेली. सौदा ठरून ती तुटेपर्यंत मनकर्णाबाईनं आपला हात त्यांच्या हातावरून काढला नाही.